घराच्या बदल्यात चटईक्षेत्र: मुंबईला आकार देणारे नियम

वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथील बीडीडी चाळींतील खोली साधारण १६० चौरस फुटांची असते. दार उघडून आत गेले की कोपऱ्यात मोरी, तिच्या शेजारी ओटा, भिंतीलगत खाट, खाटेखाली ट्रंका आणि धान्याचे डबे; शौचालय मजल्यावर सामाईक. तळमजला आणि वर तीन मजले, मजल्यावर वीस खोल्या, म्हणजे एका इमारतीत ऐंशी संसार. आज वरळीत याच जागेवर चाळीस मजली इमारती उभ्या राहत आहेत आणि जुन्या भाडेकरूंना त्यांत ५०० चौरस फुटांचे घर विनामूल्य मिळत आहे. खोली मुळात १६० फुटांचीच का होती, ती शंभर वर्षे तशीच का राहिली, आणि आता तिच्या जागी मध्यम उंचीची इमारत न येता मनोराच का येतो, या तीन प्रश्नांची उत्तरे कोणत्या ना कोणत्या नियमात सापडतात. मुंबईचा आकार समुद्राने जितका ठरवला, तितकाच तो या नियमांनी ठरवला आहे.

सुरुवात प्लेगपासून करावी लागते. १८९६ मध्ये मांडवी भागात प्लेग दिसला, लोक शहर सोडून जाऊ लागले, गिरण्या ओस पडण्याची वेळ आली, आणि सरकारने १८९८ मध्ये मुंबई सुधार मंडळ म्हणजे ‘सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट’ स्थापन केले. दाट वस्तीतून रुंद रस्ते काढावेत, समुद्राचा वारा आत येऊ द्यावा आणि उत्तरेकडे दादर, माटुंगा, शीव येथे नव्या वसाहती आखाव्यात, अशी त्याची कामे होती. प्रिन्सेस स्ट्रीट, सँडहर्स्ट रोड, दादरची हिंदू कॉलनी आणि पारशी कॉलनी ही त्याच आखणीची फळे आहेत. मंडळाने गरिबांसाठी बीआयटी चाळीही बांधल्या. परळच्या अशाच एका चाळीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर अनेक वर्षे राहिले. पण सुरुवातीच्या काळात मंडळाने जितकी घरे पाडली, तितकी बांधली नाहीत, आणि उठवलेली माणसे शेजारच्या आधीच भरलेल्या खोल्यांत शिरली. वस्ती हटवल्याने गर्दी हटत नाही, ती फक्त जागा बदलते, हा या शहराने घेतलेला पहिला अनुभव होता.

पुढे १९२० मध्ये बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंट म्हणजेच बीडीडी स्थापन झाले. पन्नास हजार खोल्यांचे उद्दिष्ट होते. प्रत्यक्षात २०७ चाळी आणि साधारण साडेसोळा हजार खोल्या झाल्या. खोली १६० फुटांची ठेवण्यामागे गिरणी कामगाराला परवडेल असे भाडे बसवण्याचा हिशेब होता, आणि तोही नीट जमला नाही, कारण सुरुवातीला भाडे जास्त वाटल्याने कित्येक खोल्या रिकाम्या राहिल्या. तरीही या प्रयत्नातील एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. घरांसाठी रोख पैसा उभा केला गेला होता: कर्ज काढले गेले आणि शहरात येणाऱ्या कापसाच्या प्रत्येक गाठीवर एक रुपया जकात बसवली गेली. ज्या कापसामुळे कामगार शहरात आला, त्याच कापसाने त्याच्या खोलीचा काही खर्च उचलावा, हा विचार त्यामागे होता. पुढच्या शंभर वर्षांत ही वाट जवळजवळ बंद झाली.

चाळी तशाच का राहिल्या, हे समजण्यासाठी भाडेकायदा पाहावा लागतो. युद्धकाळात भाडी भडकली म्हणून नियंत्रण आले, आणि १९४७ च्या मुंबई भाडे नियंत्रण कायद्याने जुन्या जागांचे प्रमाण भाडे १ सप्टेंबर १९४० च्या पातळीला बांधून ठेवले. त्या घटकेला हा निर्णय योग्य होता, असे मला मनापासून वाटते. फाळणीनंतर निर्वासित येत होते, घरे नव्हती, आणि भाडेकरूला रस्त्यावर काढण्याची मोकळीक मालकाला देणे हा अन्याय ठरला असता. चूक पुढे झाली. तात्पुरता म्हणून आणलेला कायदा दर काही वर्षांनी वाढवला गेला आणि भाडे मात्र जागचे हलले नाही. ज्या खोलीचे भाडे महिना दहा रुपये, तिचे गळके छप्पर दुरुस्त करायला मालक हजार रुपये कशाला खर्च करील? भाडेकरू घर सोडीना, कारण त्या भाड्यात दुसरे घर मिळणे अशक्य. सोडलेच तर हातात पागडी, म्हणजे जागा सोडण्याची रोख रक्कम, घेऊन, जी कायद्याच्या पुस्तकात नव्हती आणि प्रत्येक व्यवहारात होती. नवे घर भाड्याने देण्यासाठी बांधणे हा तोट्याचा धंदा ठरला, म्हणून बांधणारे मालकी हक्काच्या सदनिकांकडे वळले; १९६० चा सहकारी संस्था कायदा आणि १९६३ चा मालकी सदनिकांचा कायदा यांनी त्या व्यवहाराला चौकट दिली. ज्याच्या हातात एकरकमी पैसा नाही, त्याच्यासाठी कायदेशीर घराचे दार तिथेच अरुंद झाले.

इमारती कोसळू लागल्यावर १९६९ मध्ये उपकर बसवून दुरुस्ती मंडळ उभारण्यात आले. बेट शहरातील, म्हणजे कुलाब्यापासून माहीम-शीवपर्यंतच्या जुन्या मुंबईतील, १९,६४२ इमारती या उपकराखाली आल्या. आजही पावसाळ्याच्या तोंडावर ज्या ‘उपकरप्राप्त’ धोकादायक इमारतींची यादी म्हाडा जाहीर करते, त्या याच. भाडेकायद्याची नवी मांडणी ३१ मार्च २००० पासून लागू झाली, वर्षाला चार टक्के भाडेवाढ मान्य झाली आणि पागडीलाही कायद्यात जागा मिळाली. पण १९४० च्या भाड्यावर चार टक्के म्हणजे किती, हे सांगायची गरज नाही.

आता त्या शब्दाकडे येऊ, ज्याच्याभोवती मुंबईतील प्रत्येक सोसायटीची सर्वसाधारण सभा फिरते: चटईक्षेत्र निर्देशांक, म्हणजेच एफएसआय. १९६४ च्या विकास आराखड्याने तो मुंबईत आणला. भूखंड १,००० चौरस मीटरचा असेल आणि निर्देशांक १ असेल, तर सर्व मजले मिळून १,००० चौरस मीटर बांधता येते. अर्ध्या भूखंडावर बांधले तर दोन मजले, पाव भूखंडावर बांधले तर चार मजले. निर्देशांक २ झाला की हेच बांधकाम दुप्पट. १९९१ च्या नियमावलीत बेट शहरासाठी १.३३ आणि उपनगरांसाठी १ असा मूळ निर्देशांक होता, आणि २०१८ मध्ये मंजूर झालेल्या नियमावलीतही निवासी वापरासाठीचे हे मूळ आकडे तसेच ठेवले आहेत. बदलले ते वरचे मजले. मूळ निर्देशांकावर अधिमूल्य भरून, हस्तांतरणीय विकास हक्क (टीडीआर) विकत घेऊन किंवा एखाद्या पुनर्विकास योजनेत बसून जादा चटईक्षेत्र मिळवता येते. खालचा आकडा कमी ठेवला की वरचा प्रत्येक चौरस मीटर सरकारला आणि महापालिकेला ‘देता’ येतो. जमिनीची घनता आवरण्यासाठी आणलेली मोजपट्टी अशा रीतीने चलनी नाणे झाली.

हे नाणे वापरायची गरज का पडली, याचेही उत्तर आराखड्यातच आहे. विकास आराखडा शहरातील भूखंडांवर आरक्षणे टाकतो: इथे शाळा, इथे खेळाचे मैदान, इथे दवाखाना. नकाशावर रंग भरला म्हणून जमीन ताब्यात येत नाही. मालकाला मोबदला द्यावा लागतो. १९६६ च्या महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना कायद्याच्या कलम १२७ प्रमाणे आराखडा लागू झाल्यापासून दहा वर्षांत जमीन संपादित झाली नाही, तर मालक नोटीस देऊ शकतो आणि ठरलेल्या मुदतीत कार्यवाही न झाल्यास आरक्षण संपते. महापालिकेपाशी पैसा नाही आणि घड्याळ चालू आहे, अशी ही कोंडी होती. १९९१ मध्ये तिच्यावर तोडगा म्हणून टीडीआर आला: आरक्षित जमीन विनामूल्य द्या, तिच्या बदल्यात तेवढे चटईक्षेत्र दुसरीकडे वापरा किंवा विका. बेट शहरात ते वापरायला मनाई होती, त्यामुळे ते उपनगरांत उतरले. खार ते बोरिवलीपर्यंतच्या दोन-तीन मजली सोसायट्या सात-आठ मजली झाल्या. गल्ली मात्र तीच राहिली, नाल्याची रुंदी तीच राहिली.

त्याआधी १९७६ मध्ये नागरी जमीन कमाल धारणा कायदा आला होता. मुंबईत ५०० चौरस मीटरपेक्षा जास्त मोकळी जमीन कोणाकडे नसावी, जास्तीची सरकारने घेऊन तिच्यावर गरिबांची घरे बांधावीत, असा त्याचा उद्देश होता. उद्देश चांगला होता, पण सवलतीची कलमे आणि कोर्टातील दावे यांत जमीन अडकली. सरकारच्या हातात थोडीच आली आणि बाजारातही आली नाही. राज्याने हा कायदा २००७ मध्ये रद्द केला. मधली तीस वर्षे मोकळ्या जमिनीची टंचाई कायद्यानेच वाढवली.

ज्यांना चाळ मिळाली नाही आणि सदनिका परवडली नाही, ते झोपडपट्टीत गेले. त्यांच्याबाबत सरकारचे धोरण अनेकदा बदलले. आधी तोडकाम, मग १९७१ च्या कायद्याने नळ, शौचालये, दिवे, १९७६ मध्ये झोपड्यांची गणना आणि झोपडीधारकांना फोटोपास, म्हणजे छायाचित्र असलेले ओळखपत्र. १९८५ मध्ये पदपथावर राहणाऱ्यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्काचा भाग मानला, मात्र रीतसर प्रक्रियेने हटवण्यास मुभा दिली. त्याच सुमारास जागतिक बँकेच्या साहाय्याने चारकोप आणि गोराई येथे एक वेगळा प्रयोग झाला, आणि त्याची आठवण फारशी काढली जात नाही याचे मला वाईट वाटते. तिथे सरकारने तयार घर दिले नाही. रस्ते, पाणी, गटार यांसह लहान भूखंड आखून दिले आणि घर लोकांनी आपापल्या ऐपतीप्रमाणे, आधी एक खोली, मग वरचा मजला, असे बांधले. आज चारकोपच्या सेक्टरांतून चालताना हे कधी काळी अल्प उत्पन्न गटाचे रिकामे भूखंड होते, हे सांगावे लागते.

१९९५ पासून मात्र सगळा भार चटईक्षेत्रावर टाकला गेला. झोपडपट्टी पुनर्वसन योजनेत विकासक झोपडीधारकांना विनामूल्य घर बांधून देतो आणि त्याबदल्यात त्याला खुल्या बाजारात विकण्यासाठी जादा चटईक्षेत्र मिळते. उपनगरांत हे प्रमाण बराच काळ एकास एक होते. याचा हिशेब मांडून पाहिला तर योजनेचे बळ आणि दुबळेपण दोन्ही दिसतात. समजा, ४,००० चौरस मीटर जमिनीवर २०० झोपड्या आहेत. प्रत्येकी २५ चौरस मीटर, म्हणजे २६९ चौरस फुटांचे घर दिले, तर पुनर्वसनासाठी ५,००० चौरस मीटर लागतात. एकास एक प्रमाणाने विक्रीसाठी आणखी ५,०००. भिंती, जिने वगळून निर्देशांक झाला २.५. आता बांधकामाचा खर्च चौरस मीटरला ३०,००० रुपये धरला, तर एकूण खर्च ३० कोटी. विक्रीचा दर ४०,००० असेल तर हाती येतात २० कोटी आणि योजना दहा कोटींनी बुडते. दर दीड लाख असेल तर येतात ७५ कोटी. झोपड्या तेवढ्याच, माणसे तेवढीच, गरजही तेवढीच. फरक फक्त शेजारच्या जमिनीच्या भावाचा. म्हणून ज्या वस्तीजवळ श्रीमंतांची मागणी आहे, तिथे विकासकांची रांग लागते, आणि जिथे ती नाही, तिथल्या सोसायटीचा फलक वर्षानुवर्षे गंजत राहतो. पुढे हे प्रमाण जमिनीच्या दराशी जोडले गेले, पण मूळ अडचण कायम आहे.

पात्रतेची तारीख हाही याच हिशेबाचा भाग आहे. १ जानेवारी १९९५, मग १ जानेवारी २०००, त्यानंतर २०११ पर्यंतच्या झोपडीधारकांना पैसे भरून घर. एका वस्तीत, एकाच नळावर पाणी भरणाऱ्या दोन शेजारणींपैकी एकीचे नाव जुन्या मतदार यादीत असते आणि दुसरीचे नसते. पहिलीला घर मिळते, दुसरी ‘अपात्र’ ठरून पुढच्या वस्तीत जागा शोधते.

या सगळ्यात निर्देशांकाबद्दलचा एक गैरसमज दूर करणे फार आवश्यक आहे. जगातील मोठ्या शहरांत निर्देशांक दहा-पंधराही असतो, मग मुंबईत चार का नको, असा युक्तिवाद नेहमी ऐकू येतो. निर्देशांक फक्त बांधकाम मोजतो. त्यात किती माणसे राहतात, हे तो सांगत नाही. १०,००० चौरस मीटर बांधकामात २०० मीटरच्या सदनिका असतील तर ५० कुटुंबे राहतील, २५ मीटरच्या असतील तर ४००. जिथे दरडोई जागा ऐसपैस आहे आणि खाली भुयारी रेल्वे, रुंद पदपथ आहेत, तिथला आकडा उचलून जिथे घरे लहान आणि रस्ते अरुंद आहेत तिथे लावणे हे मोठे चुकीचे गणित आहे. स्थापत्य अभियंता शिरीष पटेल यांनी हा मुद्दा वर्षानुवर्षे मांडला: मोजायची ती गर्दी, आणि ती रस्त्यावर, मैदानावर, शाळेच्या वर्गात मोजायची. पुनर्वसन इमारतींना दोन इमारतींमधल्या अंतरात सवलती मिळाल्या आणि त्यांचे परिणाम गोवंडी, माहूलच्या वसाहतींत डोळ्यांनी दिसतात: खालच्या मजल्यांवर भरदुपारी दिवा लावावा लागतो, हात बाहेर काढला तर समोरच्याच्या खिडकीची जाळी लागेल असे वाटते. ऊन-वारा न पोहोचणाऱ्या खोल्यांत क्षयाचा धोका वाढतो, ही प्लेगनंतरची शिकवण शंभर वर्षांत आपण विसरलो, याचा मला संताप येतो.

गिरण्यांच्या जमिनीची गोष्ट याहून दुःखद आहे, कारण तिथे संधी खरोखर हातात होती. १९८२ च्या संपानंतर गिरण्या बंद पडत गेल्या आणि शहराच्या मध्यावर साधारण सहाशे एकर जमीन मोकळी होण्याची शक्यता निर्माण झाली. १९९१ च्या नियमावलीतील नियम ५८ प्रमाणे तिचे तीन वाटे व्हायचे होते: एक मोकळ्या जागेसाठी महापालिकेला, एक घरांसाठी म्हाडाला, एक मालकाला. वास्तुरचनाकार चार्ल्स कोरिया यांच्या अध्यक्षतेखालील समितीने १९९६ मध्ये काही गिरण्यांच्या जमिनींचा एकत्रित विचार कसा करता येईल, हेही मांडले. पण २००१ मध्ये नियमात दुरुस्ती झाली आणि वाटणी फक्त आधीपासून रिकाम्या असलेल्या जमिनीची होईल, शेड पाडून मोकळ्या होणाऱ्या जमिनीची नाही, असे ठरले. गिरणीच्या आवारात शेडच जास्त, रिकामी जागा थोडी. त्यामुळे शहराचे दोन्ही वाटे आक्रसले. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही दुरुस्ती वैध ठरवली. २०१२ मध्ये गिरणी कामगारांच्या घरांची पहिली सोडत निघाली तेव्हा घरे काही हजार आणि अर्ज लाखाच्या पुढे होते. एका वाक्यातील शब्दबदलाने किती मैदाने आणि किती घरे गेली, याचे याहून ठळक उदाहरण मला माहीत नाही.

दुसरी वाट खाडीपलीकडे होती. कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी १९६५ मध्ये सुचवलेल्या कल्पनेतून नवी मुंबई आली आणि १९७० मध्ये ती वसवण्यासाठी सिडको ही सरकारी कंपनी स्थापन झाली. शेतजमीन घ्यायची, रस्ते-पाणी करायचे, वाढलेल्या भावाने भूखंड विकायचे आणि त्या पैशांतून शहर बांधायचे, अशी तिची रीत. म्हणजे भाववाढीचा वाटा शहराच्या तिजोरीत यायचा. ज्यांची जमीन गेली त्यांना मात्र तो वाटा लढून घ्यावा लागला: जानेवारी १९८४ मध्ये उरण तालुक्यातील आंदोलनात दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी उभे राहिले, पोलिसांच्या गोळीबारात पाच जण गेले, आणि त्यानंतर साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचे धोरण आले. मंत्रालय खाडी ओलांडून गेले नाही. उलट त्याच वर्षांत नरिमन पॉइंटच्या भरावावर कचेऱ्या उभ्या राहिल्या. वाशीला लोकल पोहोचायला १९९२ उजाडले. घरे आधी आणि रेल्वे वीस वर्षांनी, या क्रमाने शहर वसवले तर जुन्या शहरावरचा भार हलका होत नाही.

आज चित्र काय आहे? २०११ च्या जनगणनेत बृहन्मुंबईची लोकसंख्या १ कोटी २४ लाख होती आणि तिच्यापैकी चाळीस टक्क्यांहून अधिक माणसे झोपडपट्टीत राहत होती. त्याच जनगणनेत शहरात सुमारे ४.८ लाख घरे रिकामी होती. घरांचा तुटवडा आणि कुलूपबंद घरे एकाच शहरात एकाच वेळी असू शकतात, कारण चटईक्षेत्राच्या बदल्यात बांधले जाणारे घर विकत घेणाऱ्याच्या ऐपतीसाठी बांधलेले असते. बाकीचे नालासोपारा, बदलापूर, टिटवाळ्याला जातात आणि पहाटेच्या गाडीने परत येतात. माझ्या मते यातील सर्वांत मोठी उणीव भाड्याच्या घरांची आहे. चाळ ही कितीही अपुरी असली तरी महिन्याच्या पगारातून भागणारी जागा होती. तिची जागा घेणारे दुसरे काहीही गेल्या सत्तर वर्षांत मोठ्या प्रमाणावर उभे राहिले नाही.

लोकांनी आराखडा वाचला तर काय होऊ शकते, हे २०१५ मध्ये दिसले. त्या वर्षी फेब्रुवारीत प्रसिद्ध झालेल्या मसुद्यात स्थानकांजवळ आठपर्यंत निर्देशांक सुचवला होता आणि नकाशांत ढोबळ चुका होत्या. नागरिकांनी वॉर्ड कार्यालयांत जाऊन आपापल्या गल्लीचा नकाशा प्रत्यक्ष जागेशी ताडून पाहिला, हजारो हरकती नोंदवल्या, आणि एप्रिलमध्ये राज्य सरकारने मसुदा नव्याने करण्याचा आदेश दिला.

बीडीडी चाळींच्या पुनर्विकासात ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीतील पहिल्या ५५६ कुटुंबांना नव्या घरांच्या चाव्या मिळाल्या. १६० फुटांतून ५०० फुटांत जाणे, स्वतःचे शौचालय असणे, मुलीला अभ्यासाला वेगळी खोली मिळणे, हे त्या घरांसाठी तीन पिढ्यांचे स्वप्न आहे आणि त्याचे मोल कमी लेखण्याचा अधिकार कोणालाही नाही. पुढे त्यांच्या घरात एक नवा कागद येऊ लागेल: देखभाल खर्चाचे बिल. लिफ्ट, पंप, अग्निशमन यंत्रणा, जिन्यातले दिवे, रखवालदार. झोपडपट्टी पुनर्वसन (एसआरए) योजनांत सुरुवातीच्या काळात विकासकाने प्रत्येक घरामागे २०,००० रुपये एकदाच ठेव म्हणून भरले की त्याच्या व्याजावर इमारत चालेल, असे गृहीत धरले होते. लिफ्ट बंद पडली की कित्येक इमारतींत आजीआजोबा सातव्या मजल्यावर अडकून राहिले. चाळीस मजल्यांची इमारत कोणाच्या पैशांनी आणि किती वर्षे चालू राहील, हे त्या ५५६ कुटुंबांना मिळालेल्या करारातील कोणत्या कलमात लिहिले आहे, ते आज वाचायला हवे. कारण त्यांच्या मागून हजारो कुटुंबे त्याच करारावर सही करणार आहेत.